शंभर कौरवांची आई

"हे बाहेरचे जांभळे दोरे म्हणजे शंभर कौरव. आतले हे पाच पांडव." शर्वीला सांभाळणाऱ्या द्वारकामावशी गॅलरीतलं कृष्णकमळ दाखवत होत्या आणि त्यांच्या मांडीवर बसून चार वर्षांची शर्वी डोळे मोठे करून ऐकत होती.

ऑफिसातून लवकर आलेली ऋजुता जाळीच्या दारामागेच थबकली. परवा ह्याच वेलीवरच्या फुलातले पुंकेसर तिने लेकीला दाखवले, तेव्हा बाईसाहेब जांभया देत होत्या. हल्ली भातसुद्धा मावशींच्याच हातचा लागायचा. झोपेत बडबड व्हायची, तीही मावशींच्या नावाची. ऋजुताचा नुसता जळफळाट व्हायचा. आज तर ती लेकीचं नाव पाळणाघरात घालूनच आली होती. उद्यापासून येऊ नका, एवढं मावशींना सांगायचं उरलं होतं.

"शंभर जणांना भरवायचं कोण?" शर्वीने विचारलं.

"दाया होत्या की."

"आणि त्यांची आई?"

"गांधारी होय? तिनं डोळ्यांना पट्टी बांधलेली. तिला पोरं कुठली दिसायला?"

हा टोमणा आपल्यालाच, असं वाटून ऋजुताने रागाने कडीला हात घातला.

शर्वीने जांभळ्या दोऱ्यांवरून बोट फिरवलं. "पण त्यांना ती दिसायची ना?"

"दिसायची तर. पोरांच्या डोळ्यांना थोडीच पट्टी होती?"

"मला पण दिसते," शर्वी हळूच म्हणाली. "मावशी, बघ ना, आई मघापासून दारामागे उभी आहे. आत का येत नाही ती?"