उशिरा जुळणारं हाड

विनीत ठाण्याच्या वागळे इस्टेटमधल्या एका कंपनीत मेडिकल कोडिंग करायचा. अमेरिकेतल्या कुणाचं दंडाचं हाड मोडलं, की ते डावं का उजवं, वेळेत जुळतंय का रखडलंय, या प्रत्येकाला विम्याच्या कागदांवर वेगळा कोड असतो आणि ते सगळे त्याला तोंडपाठ होते. त्यामुळे त्याच्या बायकोच्या, अक्षदाच्या, उजव्या दंडाचं हाड जुळेना, तेव्हा ठाकुर्लीच्या डॉक्टरांपुढे तिच्यावर तोंड उघडायची वेळच आली नाही.

"डॉक्टर, ही क्लिअर डिलेड हीलिंगची केस आहे," एक्सरे उजेडाकडे धरत विनीत म्हणाला. "शुगर नॉर्मल, थायरॉईड नॉर्मल, कॅल्शियम चालू आहे. मग रीझन काय?"

डॉक्टर एक्सरेकडे बघतच नव्हते. अक्षदाचा हात गळ्यात बांधलेला होता आणि त्याच हाताच्या नखांत कणीक सुकलेली होती.

"हा हात हलवायचा नाही, असं मी बजावलं होतं. असंच चाललं तर ऑपरेशन करावं लागेल," ते म्हणाले. "घरी पोळ्या कोण करतं?"

अक्षदाने हात पदराआड घेतला. ती काही बोलणार, तेवढ्यात विनीत हसला.

"हीच की! पोळीवाल्या बाईंच्या पोळ्या माझ्या घशाखाली उतरत नाहीत हो. पण ते जाऊ दे डॉक्टर, तुम्ही मुद्द्याचं बोला ना."