हौदावरच्या पाच जागा

जेसीबी चौकात शिरला तशी सुलाबाईंनी फुलांची पाटी उचलली आणि थेट त्याच्या पुढ्यात नेऊन ठेवली.

“आदी माज्या अंगावरनं न्या, मग कट्टा फोडा!”

चालकाने मशीन बंद केलं. समोर जयराजने चहाचा स्टोव्ह बंद केला. तो स्टोव्ह आजवर फक्त महापुरातच विझला होता, यावरून प्रकरण किती तापलं होतं ते समजून घ्यावं. भडंगवाला आला, सायकलवाला आला, बँकेत निघालेली माणसंही थांबली. पाच मिनिटांत सगळा चौक कट्ट्याभोवती उभा राहिला.

कट्ट्यावर रामगोंडा अण्णा बसले होते. वय त्र्याऐंशी.

“अण्णा, तुमी हलू नका,” जयराज ओरडला.

अण्णांनी काही सांगायला तोंड उघडलं.

“आन् बोलू बी नका. आमी हाय की!”

अण्णांनी तोंड मिटलं.

सांगलीच्या या हौद चौकात आता हौद नाही. एके काळी होता. हळदीच्या गाड्या पेठेत शिरण्याआधी इथं सुटायच्या, बैल पाणी प्यायचे आणि गाडीवान एकमेकांना भाव विचारायचे. पुढे टेम्पो आले. टेम्पोला तहान डिझेलची. हौद मातीने बुजवला, मातीत कुणीतरी कडुलिंब लावला आणि हौदाचा रुंद दगडी काठ आपोआप कट्टा झाला. चौकाला बसायला जागा नसेल तर तो चौक कसला, नुसता रस्ता.

या काठावर चाळीस वर्षं पाच जण बसले. हळदीचे अडते रामगोंडा अण्णा, सयाजी हवालदार, तात्याबा न्हावी, जोतीराम मास्तर आणि एसटीचे ड्रायव्हर आप्पासो. प्रत्येकाची जागा ठरलेली. रोज नऊ ते बारा तोंडाला तोंड. पाऊस कधी येणार इथपासून सीमेवर तोफा कुठं लावाव्यात इथपर्यंत सगळ्याचा निकाल याच काठावर लागायचा. हवालदार एकदा रागावून उठून गेले, ते घरून जेवून परत भांडायला आले. गोड माणसं होती सगळी.

मग एकेक करून चौघे गेले. शेवटचे आप्पासो, त्यालाही तीन वर्षं झाली.

चौक माणसांना विसरला नाही. त्या चार जागांवर कुणी म्हणजे कुणी बसत नाही. एखादा परगावचा माणूस चुकून टेकला तर जयराज दुकानातूनच हाक घालतो, “ओ पाव्हणं, उठा, ती मास्तरांची जागा हाय.” सुलाबाई रोज सकाळी प्रत्येक जागेवर एकेक झेंडूचं फूल ठेवतात. अण्णा आले की त्यांच्या शेजारी चहाचा कप अलगद ठेवला जातो आणि ठेवणारा नमस्कार करून निघून जातो. असा मान दुसऱ्या कुठल्या चौकात मिळतो का, सांगा. आम्हाला त्याचा फार अभिमान.

आणि हा कट्टा म्हणे आता पाडायचा.

“कुणी सांगितलं पाडायला?” जयराजने जेसीबीबरोबर आलेल्या महापालिकेच्या इंजिनिअर मॅडमना विचारलं.

“तक्रार अर्ज आलाय,” मॅडम म्हणाल्या. पोरगी तरुण होती, घामाघूम झाली होती. तिने फाईल उघडली. “सदर कट्टा कुणाच्याही वापरात नाही. तरी तो काढून टाकावा, ही विनंती.”

“वापरात न्हाई? आन् अण्णा रोज बसत्यात ते काय भूत हाय?” सुलाबाई कडाडल्या. “कुणाचा अर्ज हाय? नाव वाचा त्या मुडद्याचं!”

मॅडमनी नाव वाचलं.

“रामगोंडा आदगोंडा पाटील. हौद चौक.”

सगळ्यांच्या माना कट्ट्याकडे वळल्या.

“व्हय,” अण्णा म्हणाले. “मगाधरनं तेच सांगायलोय. मीच दिलाय.”

“अण्णा?” जयराज कट्ट्याजवळ आला. “आवं, कशापायी? आमी एवडा मान ठेवतोय...”

“लय ठेवतासा, बाबा. कोण न्हाई म्हणंना.” अण्णांनी शेजारच्या फुलाकडे बोट दाखवलं. “पर तीन वर्सं झाली, ह्या काठावर माज्यासंगं कोण एक शब्द बोलल्यालं न्हाई. घरात पोरं कामावर जात्यात. हितं यावं तर चार फुलं. रोज बगतो त्यांच्याकडं, आन् वाटतं, पाचवं कवा ठेवायचं म्हणून समदी वाट बगत्यात. कट्टाच न्हाई म्हटल्यावर सकाळी उठून यायला तरी नगं.”

आम्ही चाळीस-पन्नास माणसं, आमच्या डोळ्यांदेखत एक माणूस एकटा पडत होता आणि आम्ही लांबून हात जोडत होतो. लाज वाटली.

सुलाबाई पुढे झाल्या. हवालदारांच्या जागेवरचं फूल त्यांनी उचललं, केसात खोचलं आणि गुडघ्यावर हात देत तिथं बसल्या. जयराजच्या तोंडून “ओ” एवढंच निघालं. बाकीचं त्याने गिळलं.

“काय सांगू अण्णा,” सुलाबाई म्हणाल्या, “सून कालपास्नं रुसलीया. आमटीत मीठ जास्त झालं, एवडंच म्हटलं मी.”

“एवडंच म्हटलंस?” अण्णांनी भुवया उंचावल्या. “का आनि बी काय म्हटलंस?”

“आता... तिच्या आईचं नाव निगालं जरा.”

“तरीच!”

इंजिनिअर मॅडम फाईल छातीशी धरून जवळ आल्या. “आजोबा, मग अर्ज मागे घेताय का? मला वर कळवायचंय.”

अण्णांनी त्यांच्याकडे न बघताच हात वर केला.

“जरा दमा वो मॅडम. बाई बोलायला लागलीया.”