खुलासा

पहिल्या रांगेत बसलेल्या सहादू गांगुर्ड्यांच्या तोंडाची उजवी बाजू उतरल्यासारखी दिसली, तेव्हा पक्षाच्या महासचिवांचं भाषण नुकतंच रंगात आलं होतं.

मंचावर बसलेल्या मनालीने चष्मा पुसून पुन्हा पाहिलं. सभागृहातले सगळे दिवे मंचावर रोखलेले, खाली अंधुक. सहादू हसत होते, पण अर्धेच. ज्येष्ठ कामगारांच्या सत्कारात मिळालेला नारळ त्यांच्या मांडीवरून घरंगळला तरी हात हलला नाही. शेजारी बसलेल्या भिमाबाईंनी वाकून तो उचलला आणि नवऱ्याला कोपराने ढोसलं.

डॉ. मनाली पगारे आता केंद्रात राज्यमंत्री होती. नऊ वर्षांपूर्वी ती इथेच, सातपुरात, दवाखाना चालवायची आणि लेथवर काम करणारे सहादू पाळी सुटली की बीपी तपासायला यायचे. तेव्हा असं काही दिसलं असतं, तर ती खुर्चीत बसून राहिली नसती. आज बसली होती. मागच्याच आठवड्यात तिच्याकडचं आरोग्य खातं काढून सांख्यिकी दिलं होतं. ती नाराज आहे, पक्ष सोडणार आहे, असं रोज छापून येत होतं. तसं काही नाही हे दाखवायलाच महासचिव दिल्लीहून आले होते आणि सात-आठ कॅमेरे तिच्या तोंडावर लागले होते. ते बोलत असताना उठणं म्हणजे सभात्याग.

तिने चिठ्ठी लिहिली. 'निळा सदरा, पहिली रांग. बरं आहे का विचार.'

स्वीय सहायक ज्ञानेश चिठ्ठी घेऊन वाकत वाकत खाली उतरला, भिमाबाईंशी बोलला आणि परत येऊन तिच्या कानाशी लागला. "सकाळपासून उपाशी आहेत म्हणे. गळून गेलेत. बाकी काही नाही."

मनालीने मान हलवली. तिला हेच ऐकायचं होतं. साखर उतरली असेल. अशा उजेडात कुणाचंही तोंड वाकडं दिसतं. नऊ वर्षं स्टेथोस्कोपला हात लावला नाही, आपल्या नजरेचा काय भरवसा? तरी चपलेतला अंगठा आवळत होता, सुटत होता. तिने पाण्याचा ग्लास उचलला, न पिताच ठेवला, पुन्हा सरकवला. मेंदूत गुठळी अडकली की मिनिटागणिक काय काय निसटत जातं, हे ती एकेकाळी दवाखान्यातल्या पोरींना घोकवून शिकवायची. घड्याळाकडे बघायचं नाही असं ठरवून ती घड्याळाकडेच बघत होती.

खाली भिमाबाईंनी नवऱ्याच्या तोंडाला पाण्याची बाटली लावली. पाणी आत गेलं आणि उजव्या कोपऱ्यातून बाहेर आलं. हनुवटीवरून सदऱ्यावर ओघळलं. सहादूंना ते कळलंही नाही.

अकरा चौतीसला मनाली उठली.

"हमारी डॉक्टर साहिबा बिल्कुल नाराज़ नहीं हैं," महासचिव नेमकं तेव्हाच म्हणाले आणि पुढचं वाक्य विसरले. शहराध्यक्ष सुनील आहेर आडवे आले. "मॅडम, दोन मिनिटं. संपतच आलंय."

"तेवढीच तर नाहीत," असं म्हणून ती पायऱ्या उतरली. कॅमेरे तिच्यामागे वळले.

"सहादूभाऊ, दोन्ही हात वर करा."

डावा हात वर गेला. उजवा वीतभर उचलला आणि मांडीवर पडला.

"माझं नाव सांगा बघू."

त्यांनी तोंड उघडलं. आवाज आला, त्यात शब्द नव्हता. डोळे मात्र भरून आले.

"डॉक्टरीणबाई, काय झालंय हो यांना?" भिमाबाई नवऱ्याची ओली हनुवटी पदराने पुसत होत्या.

"अर्धांगाचा झटका आहे. औषध आहे त्यावर, पण वेळेत मिळायला पाहिजे. चला."

तिने त्यांना आपल्याच गाडीत घातलं, स्वतः शेजारी बसली. पुढे पोलिसांच्या गाडीचा भोंगा वाजत होता आणि ती फोनवर रुग्णालयाला स्कॅनचं यंत्र मोकळं ठेवायला सांगत होती. त्र्यंबक रोडच्या प्रत्येक सिग्नलला तिचा हात दाराच्या कडीवर जात होता.

अपघात विभागात तरुण डॉक्टरने विचारलं, "त्रास नेमका कधी सुरू झाला?"

"आत्ताच झाला," भिमाबाई म्हणाल्या.

"नाही," मनाली म्हणाली. "अकरा वाजून वीस मिनिटांनी. मी पाहिलंय."

डॉक्टरने तिच्याकडे पाहिलं आणि वेळ लिहून घेतली. स्कॅन झालं. गुठळी विरघळवण्याचं इंजेक्शन अजून देता येण्यासारखं होतं, ते दिलं.

तीन वाजता सहादू "भिमा" म्हणाले. जडच, पण कळेल असं. उजव्या हाताची बोटं हलत होती. मूठ वळत नव्हती. ती वळेल की नाही हे चार-सहा दिवसांनी सांगता येईल, असं डॉक्टर म्हणाला.

भिमाबाईंनी मनालीचे दोन्ही हात धरले. "तुम्ही व्हत्या म्हणून. दुसरं कोन इतकं लगीच उठलं असतं?"

मनालीने हात सोडवून घेतले आणि बाहेर आली.

बाहेर टीव्हीवर तिची मंच उतरतानाची पाठ पुन्हा पुन्हा दाखवत होते. ज्ञानेश मोबाइल घेऊन उभाच होता. "मॅडम, दिल्लीहून तीन फोन येऊन गेले. लेखी खुलासा मागतायत. मी लिहिलंय, 'ज्येष्ठ कामगाराची प्रकृती बिघडल्याचं लक्षात येताच मंत्रिमहोदया तात्काळ धावल्या.' पाठवू?"

"तात्काळ काढ."

"मग काय लिहू?"

ती भिंतीला टेकली. "लिही, मी चौदा मिनिटं उशिरा उठले."