न नेलेला रिपोर्ट

अक्षताच्या ताटात बांगड्याचं तिखलं वाढून आईने स्वतःच्या भातावर दूध ओतलं, आणि अक्षताच्या मनात शंकेची पाल चुकचुकली. बुधवारचा दिवस. संकष्टी नाही, एकादशी नाही. तिरफळं घालून तिखलं करावं ते लक्ष्मीने आणि मिटक्या मारत खावं तेही लक्ष्मीनेच, अशी लालबागच्या त्या अख्ख्या चाळीत ख्याती. ती बाई दूधभात खातेय, तोही नुसता उजव्या गालाने, म्हणजे पाणी कुठेतरी मुरत होतं.

"डावीकडे काय झालंय गं?"

"दाढ दुखता. जेव तू."

"तोंड उघड बघू."

"जेवताना कोण तोंड उघडून दाखवता? गप जेव."

अक्षताने ताट बाजूला सारलं. मिश्री, दुसरं काय. गेल्या गणपतीत तिने आईला मूर्तीसमोर उभं करून सोडायला लावली होती. चाळीस वर्षांची सवय ती, इतक्या सहज सुटेल यावर तिचा तेव्हाही विश्वास नव्हता. आणि अक्षता कोण, तर परळच्या एका मोठ्या हॉस्पिटलच्या लॅबमधली टेक्निशियन. माणसांच्या अंगातून काढलेले तुकडे मेणात बसवायचे, कांद्याच्या पापुद्र्याहून पातळ कापायचे, रंगवून काचेवर चढवायचे. त्यातले निम्मे तोंडातलेच, तंबाखूवाल्यांचे. असल्या मुलीच्या घरात चोरून मिश्री भाजली जावी? तिचा संताप संताप झाला.

हात धुऊन ती शोधायला लागली. तांदळाच्या डब्यामागे बघितलं, गादीखाली बघितलं. आईची नजर पाठीमागून फिरत होती. देवांच्या फळीवर हात गेला तेव्हा मात्र आई म्हणाली, "ती डबी ठेव."

म्हणजे तिथेच होती. जुनी पितळी डबी, नेहमीचीच. अक्षताने झाकण काढलं. आत मिश्रीचा कण नव्हता. डबी चिंचेने घासून लख्ख केलेली, वाससुद्धा उरला नव्हता. आत चार घड्या घातलेली एक गुलाबी पावती होती, तिच्याच हॉस्पिटलची.

शेवंती गोविंद परब. वय अठ्ठावन्न. डाव्या गालाच्या आतला तुकडा. नंबर चार हजार चारशे सतरा.

नंबर तिला तोंडपाठ होता. तो मोहरीएवढा तुकडा तिनेच कापला होता.

"ही पावती तुझ्याकडे कशी?" तिने विचारलं. मग लगेच तिला उलगडलं, असं तिला वाटलं. "कोण ही बाई? वशिल्यासाठी ठेवून गेली ना? तुला किती वेळा सांगितलं, माझ्या कामात कोणाला घुसवू नकोस."

लक्ष्मीने वाटी खाली ठेवली.

"माझीच ती. तुझ्या बापाशीन लग्नात तांदळात अंगठीन लक्ष्मी लिवल्यानी. त्याच्या आदी मी शेवंती."

परब हे मामाचं आडनाव अक्षताला ठाऊक होतं. पण परब काय, लालबागमध्ये गल्लीला दहा. शेवंती हे नाव मात्र तिने उभ्या जन्मात ऐकलं नव्हतं. माहेरची माणसं आईला बाय म्हणायची आणि अक्षताला बायचं चेडू, म्हणजे बायची मुलगी.

"माझ्याच हॉस्पिटलात गेलीस? आणि मला न सांगता?"

"दुसरा खयचा ठावक आसा माका? तुका कळाक नको म्हणान जुना नाव दिलंय."

अक्षता आईसमोर येऊन बसली. रविवारी रिपोर्टच्या खिडकीवरच्या दीपिकाचा फोन आला होता आणि ती इथेच ओट्याशी उभी राहून बोलली होती, चांगली तोऱ्यात. तोंडाच्या आतलं अस्तर असतं ना, त्याच्या पेशी खालच्या रेघेवर रांगेत बसतात. त्या शेवंती परबची रेघ मोडलीय, पेशी खाली मांसात उतरल्यात, सरांच्या आधी मी ओळखलं. आई तेव्हा विळीवर नारळ खवत होती. मध्येच खवण्याचा आवाज थांबला होता, ते अक्षताला आत्ता आठवलं.

"तू कालेजात असताना मोठ्यान वाचीत होतंस," लक्ष्मी म्हणाली. "आवशीच्या पोटात पोराची आदी ही पेशींची रांग लागता, मगे बाकीचा अंग. तेव्हाच म्हटलेलंय, देवाक पण रांग लावची लागता."

"रेघ मोडली म्हणजे सगळं संपत नाही, आई. ऑपरेशन असतं. लवकर आलीस तर..."

"ता डॉक्टर सांगतीत."

अक्षताला भयंकर भीती वाटत होती. ज्या हातांनी तो तुकडा कापला ते हात ती मांडीवर घट्ट धरून बसली. फोनवर त्या दिवशी आणखी एक वाक्य ती बोलली होती. चार दिवस रिपोर्ट पडलाय आणि न्यायला कोणी फिरकलं नाही, असं दीपिका म्हणाली, तेव्हा ती हसून म्हणाली होती, घरात कोणी आहे की नाही त्या बाईला? निदान तेवढं आईने ऐकलेलं नसू दे, असं ती मनातल्या मनात म्हणत होती.

लक्ष्मीने समोरची पावती उचलली, घड्या नीट घातल्या आणि ती अक्षताच्या हातात दिली.

"उद्या तूच घेऊन ये. घरात कोण आसा म्हणान इचारल्यानी, तर सांग, चेडू आसा."