नऊ फोटो हनुवटीचे

चौकात गोळीबार सुरू झाला तेव्हा आमच्या पेपरचा फोटोग्राफर नेमका तिथेच होता. तासाभराने तो ऑफिसात आला, गळ्यातल्या कॅमेऱ्यातलं कार्ड माझ्या टेबलावर ठेवलं आणि पाणी प्यायला गेला. पहिलं पान त्याच्यासाठी अडवून ठेवलं होतं. संपादक माझ्या खुर्चीमागे येऊन उभे राहिले.

कार्डावर गोळीबाराच्या वेळचे नऊच फोटो निघाले. नऊच्या नऊ खालून घेतलेले, हललेले, आणि सगळ्यांत आमच्या फोटोग्राफरची हनुवटी. एकात मागे थोडा धूर होता. दाढी दोन दिवसांची होती, तेवढं मात्र स्पष्ट दिसत होतं.

"शहर पेटलंय आणि हे महाशय स्वतःचे फोटो काढत होते," संपादक म्हणाले. "आता पहिल्या पानावर काय छापू, याचं तोंड?"

तो पाणी पिऊन आला. मी सवयीने प्रत्येक फोटोखाली त्याचं नाव टाकत होतो. त्याने वाकून स्क्रीन पाहिली. मग नावावर बोट ठेवलं.

"हे काढा. हे फोटो मी काढलेले नाहीत."

"मग कोणी काढले?"

 

"नाव विचारायचं राहिलं. पाच वर्षांची असेल. दवाखान्यापर्यंत उचलून पळत होतो, तेव्हा हात तिचेच मोकळे होते."