नाव तेवढं सांगा

शिपायाने दार लोटून कडी घातली आणि सासूबाई एकदम गप्प झाल्या.

कडी घालायचं कारण साधं होतं. बाहेर स्वातंत्र्यसैनिक पेन्शनच्या अर्जदारांची झुंबड उडाली होती आणि जो तो आत डोकावत होता. पण सासूबाईंचं तोंड बघून सुनेला वाटलं, आता काही खरं नाही. सकाळपासून ह्याच बाईंची टकळी चालू होती, बसमध्येसुद्धा. स्वातंत्र्याच्या लढ्यात एका माणसाला माळ्यावर सरपणामागे कसं दडवलं, पोलीस कसे आले, आपल्याला चौकीत कसं नेलं, सगळं इत्थंभूत. वर हसून म्हणायच्या, "मी कसली बधतेय!" आणि आता ओठ शिवल्यासारख्या बसल्या होत्या.

"आजी, पाणी घ्या," साहेब म्हणाले. माणूस तरुण होता, बोलायला गोड. "तुम्हाला तुरुंगात टाकलं नव्हतं, म्हणून तुमची नोंद कुठे सापडत नाही. पण ज्याला लपवलंत तो आमच्या यादीत असणारच. त्याचं नाव तेवढं सांगा. पेन्शन मंजूर झाली म्हणून समजा."

सासूबाईंनी पाण्याकडे पाहिलंही नाही.

"कोण माणूस?" त्या म्हणाल्या.

सुनेने चमकून त्यांच्याकडे पाहिलं. घरी नवरा अंथरुणाला खिळलेला. पेन्शन मिळाली की घरच्यांना सरकारी दवाखान्यात फुकट उपचार मिळणार होते. त्याच आशेवर तिने इथले उंबरठे झिजवले होते.

"आई, असं काय करता?" ती दबक्या आवाजात म्हणाली. "सकाळीच सांगितलंत ना मला? माळ्यावर तो..."

सासूबाईंनी झडप घालून तिचं तोंड दाबलं. हात गार पडला होता.

"हिला काही ठाऊक नाही," त्या साहेबांना म्हणाल्या. आवाज त्यांचा नव्हताच, एखाद्या लहान पोरीचा वाटत होता. "परवा लग्न होऊन आलीय ही. हिला सोडा. काय विचारायचं ते मला विचारा."

परवा! सुनेचे केस पिकायला लागले होते. एरवी ती खो खो हसली असती.

साहेब उठले, टेबलाला वळसा घालून जवळ आले आणि खुर्चीच्या पाठीवर हात ठेवून वाकले. मायेनेच. "आजी, आम्ही कोणी परके आहोत का? तुमच्या पोरासारखाच आहे मी."

"चौकीतला तो फौजदारही हेच म्हणाला होता," सासूबाई पुटपुटल्या. त्यांनी डोळे गच्च मिटले, खांदे आवळले, मान आत ओढून घेतली. खुर्चीखाली फरशीवर ओल पसरत गेली.

सुनेला लाज वाटायला हवी होती. तिला भीती वाटली. चौकीत काय झालं ते ह्या बाईने कधी सांगितलंच नव्हतं, आणि आपणही कधी विचारलं नव्हतं. तिची नजर कडीकडे गेली.

साहेब ओशाळून मागे सरले. "बाई, तुम्ही सांगा," ते हळूच म्हणाले. "तुम्हाला माहीत असणार. त्यांचीच जबानी म्हणून लिहून घेतो मी. अर्जांचा आज शेवटचा दिवस आहे हो. उद्या माझ्याही हातात काही राहणार नाही."

नाव तिच्या जिभेवर होतं. तो माणूस मरूनही जमाना झाला असेल. आता त्याचं कोण काय वाकडं करणार होतं? निघताना ती नवऱ्याला सांगून आली होती, आज काम फत्ते करूनच येते. तिने तोंड उघडलं.

सासूबाई तिच्याकडे बघत होत्या. नुसती मान हलवत होत्या, नाही, नाही. सुनेचा हात त्यांनी इतका घट्ट धरला होता की बोटं दुखायला लागली. सुनेने आपला दुसरा हात त्यांच्या हातावर ठेवला.

"बाई?" साहेब म्हणाले.

"आमच्या घरात कोणी नव्हतं, साहेब," सून म्हणाली.