तारखेचा डबा

१९८४ साली कारखान्याने कामावरून कमी केलं म्हणून ह्यांनी कोर्टात केस लावली. प्रत्येक तारखेला गणवेश घालून म्हणायचे, “डबा भर. निकाल लागला तर तसाच सेकंड शिफ्टला जाईन.” संध्याकाळी डबा भरलेलाच परत यायचा.

“वहिनी, पाठवा की ह्याला माझ्याकडे!” ह्यांच्याबरोबरच कमी झालेले, पण भरपाई घेऊन स्वतःचं लेथचं वर्कशॉप टाकलेले कुंभोजकर म्हणायचे. पण दुसरं काम धरलं तर केस कमकुवत होईल, असं वकिलांनी बजावलं होतं.

अखेर २००३ साली डबा रिकामा आला. मी हरखले. “घेतलं कामावर?”

“जिंकलो गं. पण साठी उलटली ना, आत कोण घेतंय? फाटकाबाहेर बसून जेवलो.”

वकील पुढे न्यायाधीश झाले, कुंभोजकरांनी शेड वाढवली. हे मात्र दुपारी जेवायला हाक मारली की म्हणायचे, “डब्यातच दे.”